एकच वही, तीन रकाने : चरित्र अभिनेता आणि पटकथाकार कॉलिन वेलँड यांची कारकीर्द कशी अभ्यासावी

इंदूरमध्ये मराठी हौशी रंगभूमीवर काम करणारा माणूस दिवसभर बहुधा दुसऱ्याच कामात असतो. तो शाळेत गणित शिकवतो, बँकेत बसतो किंवा सियागंजात घरची पेढी सांभाळतो, आणि संध्याकाळी रामबागेत किंवा लोकमान्य नगरात कोणाच्या तरी दिवाणखान्यात तालमीला पोहोचतो. त्याच्या वाट्याला येणारी भूमिका बहुतेक वेळा दोन-तीन प्रवेशांचीच असते. तो शेजारी असतो, डॉक्टर असतो, मुख्याध्यापक असतो, मुलीचा मामा असतो. काही वर्षे अशी कामे केल्यावर त्याला स्वतः काहीतरी लिहावेसे वाटू लागते, आणि तेव्हा गटातले ज्येष्ठ त्याला विचारतात की, बाबा रे, तुला नट व्हायचे आहे की लेखक? हा प्रश्नच चुकीचा आहे असे मला मनापासून वाटते. तो चुकीचा का आहे हे समजून घ्यायचे असेल तर एका इंग्रज माणसाची कारकीर्द नीट अभ्यासावी, असे मी आमच्या गटातल्या प्रत्येक तरुणाला सांगत आलो आहे.

हा माणूस म्हणजे कॉलिन वेलँड. त्यांचा जन्म 4 जुलै 1934 रोजी लँकशायरमधल्या ली या गावी झाला आणि 2 नोव्हेंबर 2015 रोजी त्यांचे निधन झाले. मधल्या काळात ते शाळेत चित्रकला शिकवत होते, दूरचित्रवाणीवर पोलीस शिपाई झाले, चित्रपटांत शिक्षक आणि पाद्री झाले, चव्वेचाळिसाव्या वर्षी सात वर्षांचे मूलही झाले, आणि 1982 साली 'चॅरियट्स ऑफ फायर' या चित्रपटासाठी सर्वोत्कृष्ट मूळ पटकथेचे ऑस्कर घेऊन घरी परतले. रस्त्यात लोकांनी घेरावे असा नायक ते कधीच नव्हते. तरीही ब्रिटनमध्ये एका पिढीला त्यांचा चेहरा घरातल्या माणसासारखा ओळखीचा होता. अशी कारकीर्द कोणत्या क्रमाने पाहावी, काय टिपावे आणि त्यातून आपल्या लेखनासाठी काय उचलावे, याची मी वापरत असलेली पद्धत पुढे दिली आहे. पाच-सात जणांच्या घरगुती गटाने आठवड्यातून एक संध्याकाळ दिली, तर दीड-दोन महिन्यांत हा अभ्यास पुरा होतो.

वही कशी आखावी

प्रथम एक मोठी, फुलस्केप आकाराची वही घ्यावी आणि प्रत्येक पानावर दोन उभ्या रेघा मारून तीन रकाने करावेत. डावीकडे भूमिका, मधल्या रकान्यात लेखन आणि उजवीकडे त्या वेळचे पोटापाण्याचे काम किंवा जगण्यातला अनुभव लिहावा. समासात साल घालावे. एवढ्या साध्या गोष्टीवर मी इतका भर का देतो, हे सांगितले पाहिजे. पहिल्यांदा जेव्हा मी या विषयावर बोललो, तेव्हा मी दोन स्वतंत्र याद्या केल्या होत्या, एक चित्रपटांतल्या भूमिकांची आणि दुसरी लिहिलेल्या संहितांची. श्रोत्यांनी त्या निमूटपणे उतरवून घेतल्या आणि एकानेही प्रश्न विचारला नाही. पुढच्या वेळी तीच माहिती सालवारीने शेजारी-शेजारी मांडली, तेव्हा लोक आपणहून बोलू लागले, कारण त्यांना स्वतःच काहीतरी दिसू लागले होते.

काय दिसते ते पाहा. उजव्या रकान्यातली पहिली नोंद चित्रकलेच्या शिक्षकाची आहे. त्यानंतर 1962 साली सुरू झालेल्या 'झेड-कार्स' या बीबीसीच्या पोलीस मालिकेतला शिपाई डेव्हिड ग्रॅहॅम डाव्या रकान्यात येतो. ही मालिका लिव्हरपूलजवळच्या एका काल्पनिक वस्तीत घडत होती आणि तिच्यातले पोलीस सज्जनतेचे पुतळे नव्हते, घरी भांडणारे, दमणारे लोक होते. पुढे 1969 मध्ये 'केस' या चित्रपटातली इंग्रजीच्या शिक्षकाची भूमिका डावीकडे येते आणि लगेच 1970 मध्ये मधल्या रकान्यात 'रोल ऑन फोर ओ'क्लॉक' हे शाळेवरच बेतलेले दूरचित्रवाणी नाटक येते. शिक्षक म्हणून जगणे, शिक्षकाची भूमिका करणे आणि शाळेवर लिहिणे या तीन गोष्टी एकाच ओळीत आल्या की, नट की लेखक हा प्रश्न गटातले कोणी पुन्हा विचारत नाही.

वहीत एक शिस्त मात्र पाळावी. जी भूमिका किंवा संहिता आपण प्रत्यक्ष पाहिली-वाचली असेल तिच्यापुढे खूण करावी आणि जी केवळ माहितीवरून लिहिली असेल ती पेन्सिलीने लिहावी. अशा कारकिर्दीत बरेचसे काम जुन्या दूरचित्रवाणी नाटकांचे असते आणि ते सहजासहजी पाहायला मिळत नाही. न पाहिलेल्या कामाबद्दल ठाम मत देण्याची सवय गटाला लागू देऊ नये.

'केस' : ऐकणारा माणूस कसा उभा करावा

पाहण्याची सुरुवात ऑस्कर मिळालेल्या चित्रपटापासून करू नये. 'केस'पासून करावी. केन लोच यांनी दिग्दर्शित केलेला हा चित्रपट बॅरी हाइन्स यांच्या कादंबरीवर आधारलेला आहे आणि यॉर्कशायरमधल्या बार्नस्ली या कोळशाच्या खाणींच्या गावात तो चित्रित झाला. बिली कॅस्पर नावाचा एक उपेक्षित शाळकरी मुलगा ससाण्याच्या जातीचा एक छोटा शिकारी पक्षी पाळतो आणि त्याला शिकवतो, एवढीच गोष्ट आहे. बिलीचे काम डेव्हिड ब्रॅडली या स्थानिक मुलाने केले. बहुतेक पात्रे अशीच गावातली माणसे आहेत आणि त्यांच्यामध्ये वेलँड हे आधीपासून नट म्हणून ओळखले जाणारे गृहस्थ फार्दिंग मास्तरांच्या भूमिकेत आहेत. या भूमिकेसाठी त्यांना साहाय्यक अभिनेत्याचे बाफ्टा हे ब्रिटिश चित्रपट-पारितोषिक मिळाले.

या चित्रपटातला वर्गाचा प्रसंग गटाने किमान तीनदा पाहावा. फार्दिंग मुलांना खरी घडलेली हकीकत सांगायला लावतात. बिली आधी गप्प असतो, मग पक्ष्याबद्दल बोलू लागतो आणि बघता बघता सारा वर्ग स्तब्ध होतो. पहिल्या वेळी प्रसंग सरळ पाहावा. दुसऱ्या वेळी बिलीकडे अजिबात न बघता फक्त वेलँड यांच्याकडे बघावे: त्यांची नजर कुठे आहे, ते केव्हा मध्ये बोलतात, प्रश्न विचारताना आवाज किती खाली आणतात, मुलगा अडखळला की ते किती वेळ थांबतात. तिसऱ्या वेळी आवाज बंद करावा आणि प्रत्येकाने आपल्या वहीत केवळ हालचाली लिहाव्यात. या तिसऱ्या पाहण्यातून चरित्र अभिनेत्याचे खरे काम कळते. प्रसंग दुसऱ्याचा आहे, बोलणे दुसऱ्याचे आहे, आणि तरीही समोरचा माणूस ज्या तऱ्हेने ऐकतो आहे तिच्यामुळेच बोलणाऱ्याला वजन येते. ज्याने खरोखर वर्गात उभे राहून एखाद्या बुजऱ्या मुलाला बोलते केले असेल, त्यालाच ही थांबण्याची लय अंगात असते. आमच्या गटातल्या एका निवृत्त शिक्षिकेने हा प्रसंग पाहून सांगितले की, हा माणूस उत्तर माहीत असलेला प्रश्न विचारतच नाही. मला वाटते, या भूमिकेवर यापेक्षा नेमके भाष्य करणे कठीण आहे.

याच चित्रपटात दुसरा एक शिक्षक आहे, खेळाचे सगडेन सर, आणि त्याची तुलना आवर्जून करावी. ते काम ब्रायन ग्लोव्हर यांनी केले आहे. ग्लोव्हर प्रत्यक्षात शिक्षक होते, कादंबरीकार हाइन्स यांचे सहकारी होते आणि जोडीला व्यावसायिक कुस्तीही खेळत. मुलांच्या फुटबॉल सामन्यात स्वतःला इंग्लंडचा प्रसिद्ध फुटबॉलपटू बॉबी चार्लटन समजून खेळणारा, हरायला तयार नसलेला हा मास्तर पाहताना हसू येते आणि नंतर त्या मुलांची दया येते. ग्लोव्हर यांचा हा पहिलाच चित्रपट होता, आणि पुढे त्यांनीही दूरचित्रवाणीसाठी नाटके लिहिली. एकाच चित्रपटात खरे शिक्षक राहिलेले दोन नट, आणि दोघेही लेखक, हा योगायोग नुसता टिपून पुढे जाऊ नये. दोघांनी मिळून शाळेचे दोन चेहरे दाखवले आहेत, एक ऐकणारा आणि एक स्वतःचेच ऐकणारा.

बार्नस्लीची बोली जाड आहे, तेव्हा इंग्रजी उपशीर्षके लावूनच पाहावे. त्यात कमीपणा मानू नये. उलट या बोलीवर एक संध्याकाळ चर्चा करावी. आपली इंदुरी मराठी हिंदीच्या शेजाराने वाढलेली आहे, तिच्यात 'भिया' (म्हणजे भाऊ) सहज येतो, आणि नाटक लिहायला बसलो की आपण ती पुसून पुणेरी वळणाचे संवाद लिहितो. वेलँड यांनी उत्तर इंग्लंडची बोली नट म्हणूनही सोडली नाही आणि लेखक म्हणूनही सोडली नाही. आपल्या संहितेतल्या इंदूरच्या माणसाला इंदूरचेच बोलू द्यावे, ही सूचना मी कितीही वेळा करायला तयार आहे.

बाकीच्या भूमिका

यानंतरच्या भूमिकांवर फार वेळ घालवण्याची गरज नाही. 1971 मध्ये सॅम पेकिनपा यांच्या 'स्ट्रॉ डॉग्ज'मध्ये ते गावच्या पाद्र्याच्या छोट्या भूमिकेत आहेत. हा चित्रपट अतिशय हिंसक आहे आणि घरात मुले असताना लावण्यासारखा नाही. अभ्यासासाठी तो अनिवार्यही नाही.

'ब्लू रिमेंबर्ड हिल्स' मात्र मिळाल्यास अवश्य पाहावे. डेनिस पॉटर यांचे हे दूरचित्रवाणी नाटक जानेवारी 1979 मध्ये प्रसारित झाले. 1943 सालच्या उन्हाळ्यातली एक दुपार, सात वर्षांची मुले आणि त्यांचा खेळ असा विषय, आणि सगळी मुले प्रौढ नटांनी साकारलेली. वेलँड त्यांतला विली आहेत आणि त्यांच्यासोबत हेलन मिरेन आहेत. इथे गटाने करून पाहण्यासारखा सराव असा: आपल्या संहितेतला एखादा प्रवेश प्रौढ नटांनी बोबडे न बोलता, आवाज न बदलता, केवळ लक्ष वेधले जाण्याचा आणि उडण्याचा वेग बदलून लहान मुलांसारखा करावा. मोठ्या माणसाच्या देहात मूल दाखवताना क्रौर्य किती उघडे पडते, हे करून बघितल्याखेरीज कळत नाही. वहीत याच सालासमोर मधल्या रकान्यात 'यँक्स' येतो. दुसऱ्या महायुद्धात उत्तर इंग्लंडमध्ये येऊन राहिलेल्या अमेरिकी सैनिकांची ही कथा जॉन श्लेसिंजर यांनी दिग्दर्शित केली आणि तिच्या पटकथेत वेलँड यांच्याबरोबर वॉल्टर बर्नस्टीन होते. एकाच वर्षी युद्धकाळातले मूल होणे आणि युद्धकाळातल्या मोठ्यांचे प्रेम लिहिणे, हे वहीत शेजारी-शेजारी लिहून ठेवावे.

'चॅरियट्स ऑफ फायर' : साहित्य कसे जमवावे

आता त्यांच्या सर्वांत प्रसिद्ध कामाकडे यावे आणि इथे दोन-तीन संध्याकाळी द्याव्यात. 1924 च्या पॅरिस ऑलिंपिकमध्ये हॅरोल्ड अब्राहम्स याने 100 मीटरची शर्यत 10.6 सेकंदांत जिंकली आणि एरिक लिडेल याने 400 मीटरची शर्यत 47.6 सेकंदांत जिंकली. एक ज्यू असल्यामुळे आलेल्या अवहेलनेला उत्तर म्हणून धावणारा, दुसरा देवासाठी धावणारा आणि म्हणूनच रविवारी धावायला नकार देणारा. निर्माते डेव्हिड पुटनम यांना ही गोष्ट ऑलिंपिकवरच्या एका संदर्भग्रंथात सापडली आणि त्यांनी पटकथा वेलँड यांच्याकडे सोपवली. ह्यू हडसन यांनी दिग्दर्शन केले.

पटकथा लिहिण्याआधी वेलँड यांनी काय केले, ते आपल्याकडच्या प्रत्येक होतकरू लेखकाने पाठ करावे इतके मोलाचे आहे. त्यांनी लंडनच्या वर्तमानपत्रांत जाहिरात देऊन 1924 च्या ऑलिंपिकच्या आठवणी मागवल्या, चित्रपट संग्रहालयात जाऊन जुनी छायाचित्रे आणि चित्रफिती पाहिल्या, आणि हयात असलेल्या संबंधितांना भेटून मुलाखती घेतल्या. अब्राहम्स मात्र हाती लागले नाहीत. जानेवारी 1978 मध्ये त्यांचे निधन झाले. वेलँड त्यांच्या स्मरणार्थ झालेल्या प्रार्थनासभेला गेले, आणि चित्रपटाच्या सुरुवातीला व शेवटी दिसणारी प्रार्थनासभा तिथूनच आली. ज्याची मुलाखत हुकली त्याच्या निधनातून कथेला चौकट मिळाली. जाहिरात वाचून ऑब्रे मॉन्टेग्यू या धावपटूच्या मुलाने वडिलांनी घरी लिहिलेल्या पत्रांच्या प्रती पाठवल्या आणि निवेदनाचा धागा त्या पत्रांतून मिळाला. पत्रांत बदल जवळजवळ नाहीत. मूळ पत्रांतला आईसाठीचा लाडिक मायना साधा केला आहे आणि ऑक्सफर्डचे केंब्रिज केले आहे. 'तीर्थरूप आईस साष्टांग नमस्कार' काढून 'प्रिय आई' लिहिल्याने पत्र लिहिणाऱ्याचे वय आणि घर कसे बदलते, हे आपल्याला वेगळे समजावून सांगायला नको. शीर्षकही असेच कानावर पडले. आधी 'रनर्स' असे साधे नाव होते. बीबीसीवरच्या भक्तिगीतांच्या कार्यक्रमात विल्यम ब्लेक यांच्या शब्दांचे स्तोत्र ऐकताना अग्निरथाची ओळ वेलँड यांना सापडली.

हीच पद्धत इंदूरमध्ये कशी वापरावी? विषय जवळच आहेत. होळकर संघाने चार वेळा रणजी करंडक जिंकला आणि सी. के. नायडू, मुश्ताक अली यांच्यासारखे खेळाडू या शहरातून खेळले. त्या संघावर लिहायचे ठरले, तर संकेतस्थळांवरची धावसंख्या उतरवून काम भागणार नाही. मराठी मंडळांच्या सूचनाफलकावर एक विनंतीपत्र लावावे आणि त्यात काय हवे ते नेमके लिहावे: 1940 ते 1955 या काळात तुमच्या घरातले कोणी सामना पाहायला गेले होते का, त्याबद्दलचे पत्र, डायरीचे पान, छायाचित्र किंवा तिकीट ट्रंकेत आहे का. 'जुन्या आठवणी पाठवा' अशी मोघम विनंती केली की मोघम आठवणी येतात. मूळ कागद कधीही घरी घेऊन जाऊ नये. त्या घरातच बसून छायाचित्र काढावे, मागे तारीख आणि देणाऱ्याने सांगितलेली माहिती लिहावी, आणि वापरण्यापूर्वी कुटुंबाची लेखी परवानगी घ्यावी. नव्वदीच्या आजोबांना भेटायचे काम पुढच्या महिन्यावर ढकलू नये. वेलँड यांना अब्राहम्स भेटू शकले नाहीत, हे त्या दिवशी गटाला आठवून द्यावे.

यानंतर मुसाबिनीचा प्रसंग पाहावा. सॅम मुसाबिनी हे अब्राहम्सचे प्रशिक्षक. पैसे घेऊन शिकवणारे असल्यामुळे हौशी खेळाच्या त्या जगात त्यांना मैदानात मान नव्हता. चित्रपटातल्या सगळ्यात मोठ्या विजयाच्या क्षणी ते स्टेडियमजवळच्या हॉटेलच्या खोलीत एकटे आहेत. राष्ट्रगीत ऐकू येते, खिडकीतून ध्वज वर चढताना दिसतो, ते टोपी काढतात, आणि मग त्याच टोपीच्या माथ्यातून मूठ आरपार घालतात. 'माझा मुलगा', एवढेच शब्द. इयन होम यांनी हे काम केले आणि त्यांना ऑस्करचे नामांकन मिळाले. हा प्रसंग लिहिणारा माणूस स्वतः आयुष्यभर दुय्यम भूमिका करत आलेला आहे, हे मला तो पाहताना दर वेळी जाणवते. विजयमंचाजवळ कॅमेरा ठेवणे कोणालाही सुचले असते. ज्याला त्या मंचावर बोलावले गेले नाही त्याच्या खोलीत कॅमेरा नेणे, हे दोन प्रवेशांच्या भूमिकेत जीव ओतणाऱ्या नटालाच सुचते.

म्हणून सराव असा द्यावा. प्रत्येकाने आपल्या विषयातला मोठा प्रसंग निवडावा आणि तो त्या ठिकाणी हजर नसलेल्या माणसाच्या बाजूने, एकाच पानात, पाचपेक्षा जास्त संवाद न वापरता लिहावा. होळकर संघाच्या विजयाचा क्षण नायडूंच्या बाजूने नको. खेळपट्टीवर पाणी मारणाऱ्या माळ्याच्या किंवा राजवाड्याजवळच्या दुकानात रेडिओला कान लावून बसलेल्या माणसाच्या बाजूने हवा. वाचन झाल्यावर गटाने एकच प्रश्न विचारावा: ही भूमिका करायला मी आनंदाने तयार होईन का? उत्तर नाही आले, तर पान पुन्हा लिहावे.

29 मार्च 1982 च्या रात्री या चित्रपटाला चार ऑस्कर मिळाली, आणि पटकथेचे पारितोषिक घेताना वेलँड म्हणाले की ब्रिटिश येत आहेत. हे वाक्य फार गाजले आणि पुढे अनेकांनी त्यावरून त्यांना टोचलेही. पुढच्याच वर्षी 'गांधी'ला आठ ऑस्कर मिळाली आणि त्यांत वेशभूषेचे पारितोषिक आपल्या कोल्हापूरच्या भानू अथैया यांनी जॉन मोलो यांच्याबरोबर घेतले. एका वाक्यावरून माणूस ओळखला जाणे हे कारकिर्दीवर अन्याय करणारे असते. म्हणून भाषणाची चित्रफीत अभ्यासाच्या शेवटी दाखवावी, आधी नको.

खरे आणि रचलेले

चित्रपट पाहून झाल्यावर दोन शाईंनी एक तक्ता करावा. चित्रपटात लिडेलला पॅरिसला निघताना, जहाजावर चढता-चढता कळते की आपली 100 मीटरची प्राथमिक फेरी रविवारी आहे. प्रत्यक्षात त्याला हे कित्येक महिने आधी माहीत होते आणि त्या काळात त्याने 400 मीटरची तयारी केली. केंब्रिजच्या ट्रिनिटी कॉलेजच्या अंगणात बाराचे ठोके पुरे होण्याआधी फेरी पूर्ण करण्याची शर्यत अब्राहम्सने जिंकल्याचे दाखवले आहे. ती कामगिरी प्रत्यक्षात लॉर्ड बर्ली याने 1927 मध्ये केली. लॉर्ड लिंडसे हे पात्रही त्याच्यावरूनच रचलेले आहे. हे तपासताना उद्देश चुका काढण्याचा नसावा. प्रत्येक बदलापुढे लिहावे की, या बदलामुळे पडद्यावर कोणता निर्णय दिसू लागला. महिनोन् महिने चाललेली अंतर्गत घालमेल दाखवणे अवघड असते. जहाजाच्या शिडीवरचा एक क्षण दाखवता येतो. मात्र ज्यांचे वंशज हयात आहेत अशा इंदूरच्या माणसांवर लिहिताना असे बदल करायचे असतील, तर नाव बदलावे. माझ्या मते इथे तडजोड नको.

एका गावाची गोष्ट दुसऱ्या गावी नेताना

1973 मध्ये वेलँड यांनी 'किसेस ॲट फिफ्टी' हे दूरचित्रवाणी नाटक लिहिले. पन्नाशीला आलेला एक कामगार आपल्या वाढदिवशी एका बाईच्या प्रेमात पडतो आणि घर सोडतो. बारा वर्षांनी, 1985 मध्ये, त्यांनी स्वतःच ही गोष्ट अमेरिकेत नेली. 'ट्वाइस इन अ लाइफटाइम'मध्ये नायक वॉशिंग्टन राज्यातला पोलाद कामगार झाला आणि ते काम जीन हॅकमन यांनी केले. पुण्या-मुंबईच्या संहिता इंदूरला आणून बसवणाऱ्या आपल्या गटांनी यातून रूपांतराची रीत शिकावी. वहीत दोन पाने समोरासमोर घेऊन एकीकडे मूळ गावातले धंदे, भेटीच्या जागा, मजुरी, नात्यांचे दबाव लिहावेत आणि दुसरीकडे प्रत्येकाला नव्या गावात काय जोड आहे ते शोधावे. ज्याला जोड सापडत नाही, तिथेच नवे लेखन करावे लागते. सदाशिव पेठेतला जिना स्नेहलतागंजात आणला म्हणजे रूपांतर झाले, असे होत नाही.

कामगारांच्या बाबतीत आणखी एक जोड आपल्याजवळ आहे. 1974 च्या 'लीड्स युनायटेड!' या त्यांच्या नाटकात 1970 साली लीड्समधल्या कपडे शिवणाऱ्या कामगार बायकांनी केलेला संप आहे. आपल्या शहरातली हुकुमचंद मिल डिसेंबर 1991 मध्ये बंद पडली आणि कामगारांची थकबाकी मिळायला 2023 साल उजाडले. मिलच्या वस्त्यांत मराठी घरेही होती. अनंत चतुर्दशीच्या मिरवणुकीतल्या मिलच्या झाँकी, म्हणजे सजवलेले देखावे, ओढणाऱ्या हातांवर मराठीत एखादे चांगले नाटक व्हावे, ही माझी फार दिवसांची इच्छा आहे, आणि त्याची सामग्री गोळा करायला वर सांगितलेलीच रीत वापरावी लागेल.

शेवटच्या दोन पटकथा अभ्यास संपवताना घ्याव्यात. 1989 चा 'अ ड्राय व्हाइट सीझन' हा वर्णभेदाच्या काळातल्या दक्षिण आफ्रिकेवरचा चित्रपट आंद्रे ब्रिंक यांच्या कादंबरीवरून आहे. दिग्दर्शिका यूझान पाल्सी यांच्यासोबत वेलँड यांनी तो लिहिला, आणि त्याचा नायकही शाळामास्तरच आहे. 1994 चा 'वॉर ऑफ द बटन्स' एका फ्रेंच कादंबरीवरून आयर्लंडमध्ये नेलेला आहे, आणि तो मुलांना बरोबर घेऊन पाहावा.

बैठकीची व्यवस्था

चित्रपट अधिकृत डीव्हीडीवर किंवा भाड्याने उपलब्ध असलेल्या संकेतस्थळावरच पाहावेत. घरातल्या पाच-सात जणांच्या अभ्यासाला हे पुरते; सभागृहात जाहीर खेळ लावायचा असेल, तर हक्कधारकांची वेगळी परवानगी लागते, आणि ती मिळाल्याशिवाय पत्रिका छापू नये. एका बैठकीत पूर्ण चित्रपट आणि चर्चा दोन्ही बसवू नयेत. चित्रपट प्रत्येकाने आधी पाहून यावे, बैठकीत निवडक दहा-पंधरा मिनिटेच दाखवावीत आणि उरलेला दीड तास बोलण्याला व लिहिण्याला द्यावा. पोहे-चहा मध्यंतरात न ठेवता शेवटी ठेवावा, कारण मध्यंतरानंतर गट पुन्हा एकाग्र व्हायला वेळ लागतो.

वेलँड झाल्यावर हीच तीन रकान्यांची वही आपल्या माणसांसाठी उघडावी. सतीश आळेकर यांच्या बाबतीत उजव्या रकान्यात जीवरसायनशास्त्र येईल, मधल्या रकान्यात नाटके आणि डाव्या रकान्यात उत्तरायुष्यातल्या चित्रपटांतल्या भूमिका. दिलीप प्रभावळकर यांच्या पानावर 'हसवाफसवी'च्या साली डावा आणि मधला रकाना एकाच नावाने भरेल, कारण लिहिणारे तेच आणि सहा भूमिका करणारेही तेच. शेवटचे पान प्रत्येकाने स्वतःच्या नावाने आखावे. आमच्या गटात ही पाने लेखकाने स्वतः वाचायची नाहीत असा नियम आहे. शेजारी बसलेल्याने ती मोठ्याने वाचायची आणि लेखकाने त्या वेळी केवळ ऐकायचे.